देआत्नूचा मासा कोणाचा?

हॉटेलच्या मेनूकार्डावर रावसापुढे ‘इंडियन सॅमन’ असं छापलेलं असतं. ते साफ चूक आहे. रावस चवीला उजवा असेलही (माझ्या मते तो आहेच), पण सॅमनशी त्याचं काही नातं नाही. तो आपल्या किनाऱ्याचा, खाडीच्या तोंडाचा मासा. खरा सॅमन उत्तरेच्या थंड पाण्यातला. मुंबई-पुण्याच्या सुपरमार्केटात त्याचे नारिंगी तुकडे मिळतात, ते बहुतेक करून नॉर्वेच्या समुद्रात पिंजऱ्यात वाढवलेल्या माशाचे. नॉर्वे असा मासा वर्षाला पंधरा लाख टनांच्या घरात पिकवतो.

त्याच नॉर्वेच्या अगदी वरच्या टोकाला देआत्नू नावाची एक नदी आहे. एकेकाळी जगातल्या सगळ्यात मोठ्या सॅमन-नद्यांत तिची गणती होई. २०२१ साली तिथे जंगली सॅमन पकडायला पूर्ण बंदी आली, आणि ती पुढच्या हंगामांतही उठली नाही. बंदी पाहुण्यांना आहे, तशीच काठावर पिढ्यानपिढ्या जाळी टाकणाऱ्यांनाही आहे. एका बाजूला पंधरा लाख टन आणि दुसऱ्या बाजूला एक मासासुद्धा नको, हे काय प्रकरण आहे ते समजून घ्यायचं तर आधी मासा, मग नदी, आणि मग तिच्या मधोमध गेलेली सीमारेषा पाहावी लागते.

वलगणीचा मोठा भाऊ

मिरगाचा पहिला दणका पडला, ओढे लाल पाण्याने फुगले, की कोकणात मासे प्रवाहाच्या उलट वर चढू लागतात. रायगड-ठाण्याकडे याला वलगण म्हणतात, खाली रत्नागिरी-सिंधुदुर्गात चढणीचे मासे. लहानपणी आम्ही टॉर्च आणि गोणपाट घेऊन बांधावर जायचो. घरी आल्यावर मासे साफ करताना निम्म्यांच्या पोटात गाभोळी निघायची. ती तळून आधी पोरांच्या ताटात पडायची. आपण पुढच्या वर्षीचे मासे खातोय, हे तेव्हा कोणाच्या मनातही येत नसे.

सॅमनचं तेच आहे, फक्त पसारा फार मोठा. वलगणीचा मासा नदीतून शेतात चढतो. सॅमन समुद्रातून नदीत शिरतो आणि शेकडो किलोमीटर वर जातो, ज्या उपनदीत तो जन्मला तिथेच. मादी शरद ऋतूत, साधारण ऑक्टोबरात, शेपटीने गोट्या-खडीत खळगा करते आणि त्यात गाभोळी सोडते. मादीच्या दर किलो वजनामागे हजार ते दोन हजार अंडी. वर पुन्हा खडी ओढली जाते, नदीवर बर्फ धरतो, आणि अंडी हिवाळाभर त्या बर्फाखाली, खडीच्या फटींतून वाहणाऱ्या गार पाण्यात राहतात. वसंतात पिल्लं बाहेर पडतात.

ही पिल्लं लगेच समुद्रात जात नाहीत. उत्तर ध्रुवाजवळच्या नदीत पाणी थंड, उन्हाळा आखूड, खायला मिळतं ते किडामुंगीएवढं. त्यामुळे एक वीत लांब व्हायलाच त्यांना चार-पाच वर्षं लागतात, काहींना आणखी जास्त. मग एका उन्हाळ्याच्या तोंडाला अंगावरचे ठिपके पुसट होतात, कातडी चंदेरी होते, खाऱ्या पाण्यात तगायची तयारी शरीर आतूनच करू लागतं. याच दिवसांत नदीच्या पाण्याचा वास त्यांच्या स्मरणात ठसतो असं मानलं जातं. परतीच्या वाटेवर, शेवटच्या टप्प्यात, हा वासच त्यांना आपली उपनदी ओळखून देतो.

समुद्रात मात्र खाण्याची चंगळ. एक हिवाळा समुद्रात काढून जो परततो तो दोन-तीन किलोचा. तीन हिवाळे काढणारा दहा-बारा किलोचा किंवा त्याहून मोठा. नदीत शिरल्यावर सॅमन खाणं जवळजवळ सोडूनच देतो. मग तो गळाला का लागतो? राग, सवय, जुनी आठवण, अशी नाना उत्तरं आहेत आणि नदीकाठी ती रात्रभर चघळली जातात.

नदी, आणि तिच्या दोन काठांची दोन घड्याळं

आपली नदी म्हणजे देआत्नू. हे तिचं सामी भाषेतलं नाव, अर्थ ‘मोठी नदी’. नॉर्वेजियन तिला ताना म्हणतात आणि फिनिश लोक तेनो. सामी हे उत्तर नॉर्वे, स्वीडन, फिनलंड आणि रशियाचा कोला भाग एवढ्या टापूतले मूळ रहिवासी. रेनडिअर पाळणारे म्हणून ते जगाला माहीत आहेत, पण देआत्नूकाठचे सामी मुख्यतः नदीचे लोक. मासेमारी, जोडीला थोडी गुरं, थोडं गवत.

आनारयोक आणि कारासयोक अशा दोन नद्या एकत्र येऊन देआत्नू होते (या नावांतला ‘योक’ म्हणजे नदीच). उगमापासून धरलं तर लांबी सुमारे साडेतीनशे किलोमीटर. पाणलोट सोळा हजार चौरस किलोमीटरच्या वर. त्यातला दोन तृतीयांशाहून अधिक नॉर्वेत, उरलेला फिनलंडात. कारासयोक पूर्ण नॉर्वेतली. आनारयोक आणि तिच्यापुढची देआत्नू मात्र अडीचशेएक किलोमीटर दोन देशांची सीमा होऊन वाहते. नुओर्गाम या फिनलंडच्या सगळ्यात उत्तरेकडच्या गावाजवळ सीमा नदीला सोडून जाते, आणि शेवटचा टप्पा नदी एकट्या नॉर्वेतून काढून तानाच्या फ्योर्डमधून (डोंगरांत आत घुसलेल्या समुद्राच्या अरुंद फाट्यातून) बॅरेंट्स समुद्राला मिळते. मुखाशी वाळूचा प्रचंड त्रिभुज प्रदेश आहे. बदकाच्या जातीतले मासेखाऊ पक्षी हजारोंनी पिसं बदलायला तिथे येऊन बसतात.

सॅमनच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाची गोष्ट अशी की या नदीवर धरण नाही, एकही नाही. युरोपातल्या बहुतेक मोठ्या सॅमन-नद्या वीजप्रकल्पांनी अडवल्या. देआत्नू समुद्रापासून डोंगरापर्यंत मोकळी राहिली. उपनद्या धरून हजार किलोमीटरहून जास्त पाणी सॅमनला खुलं आहे.

नकाशावर ही सीमा ठसठशीत दिसते, पण काठावर उभं राहिलात तर कुंपण नाही, चौकी नाही. दोन्ही तीरांवर बर्चची तीच खुरटी झाडं, तशीच लाकडी घरं आणि बहुतेक घरांत तीच भाषा. उत्स्योकी हा फिनलंडच्या बाजूचा तालुका जेमतेम बाराशे वस्तीचा, आणि सामी बहुसंख्येने असलेला फिनलंडमधला एकमेव. पलीकडे नॉर्वेत कारासयोक गावी सामींची संसद आहे. एक फरक मात्र रोजचा आहे. फिनलंडचं घड्याळ नॉर्वेच्या एक तास पुढे चालतं. समोरच्या तीरावरच्या मावशीकडे सात वाजता जेवायला जायचं तर ‘कोणाचे सात?’ हे विचारूनच निघावं लागतं. मासेमारीच्या नियमांत वेळ लिहितानाही हीच पंचाईत.

ही रेघ १७५१ साली आखली गेली. तेव्हा फिनलंड स्वीडनकडे होतं आणि नॉर्वे डेन्मार्ककडे, म्हणजे करार दोन लांबच्या राजांचा. पण त्या करारासोबत एक पुरवणी जोडलेली होती आणि ती आजही सामी लोक हातात धरून बोलतात. सामींनी सीमा ओलांडून रेनडिअर न्यावेत-आणावेत, पलीकडची जमीन आणि पाणी आपल्या निर्वाहासाठी वापरावं, असा हक्क तिने मान्य केला होता. पुढे फिनलंड रशियाच्या झारकडे गेलं आणि १८५२ साली रेनडिअरांसाठी सीमा बंद झाली. कळपांच्या वाटा मोडल्या. मासा तेवढा जुन्या वाटेने येत राहिला, कारण त्याला अडवणं झारलाही जमण्यासारखं नव्हतं.

जाळं टाकायचा हक्क कोणाला?

देआत्नूवर मासेमारीच्या जुन्या पद्धती तीन-चार आहेत. बर्फ फुटून नदीला पूर आला की प्रवाहासोबत जाळं सोडून होडीने त्याच्यामागे वाहत जायचं, ही पहिली. हंगामाच्या सुरुवातीला येणारे सगळ्यात मोठे मासे यात सापडतात. पाणी उतरलं की काठापासून आत खुंट रोवून कुंपण घालायचं आणि त्याच्या टोकाला आकड्यासारखं वळवलेलं जाळं लावायचं, ही दुसरी. वर चढणारा मासा कुंपणाच्या कडेकडेने जातो आणि वळणात अडकतो. आपल्याकडे खाडीत डोल लावायची जागा घराण्यांची ठरलेली असते, तशाच या कुंपणाच्या जागाही ठरलेल्या. तिसरी ओढजाळ्याची, म्हणजे रापणीचं धाकटं रूप. आणि चौथी गळाची. लांब, अरुंद, उथळ पाण्यातून सळसळत जाणारी लाकडी होडी. एकजण वल्ही मारत होडी प्रवाहात जवळजवळ जागच्या जागी धरून ठेवतो, मागे गळ पाण्यात खेळत राहतो. मासा लागला तर कौतुक गळ धरणाऱ्याचं होतं. पण धारेत होडी धरणं हेच खरं कसब, आणि ते वल्ही मारणाऱ्याचं.

याच नदीत १९२८ साली हेन्रिक हेन्रिक्सन नावाच्या माणसाने गळावर जवळपास ३६ किलोचा सॅमन काढला. अटलांटिक सॅमनचा तो जागतिक विक्रम अजून मोडलेला नाही.

हक्काची व्यवस्था दोन्ही तीरांवर वेगळी आहे, आणि घोळ इथूनच सुरू होतो. नॉर्वेच्या बाजूला १८८८ सालच्या कायद्याने जाळ्याचा हक्क शेतीशी जोडला. नदीकाठी राहणारा आणि वर्षाला किमान दोन हजार किलो गवत कापणारा असेल त्याला जाळं टाकता येईल. ऐकायला विचित्र वाटतं, गवताचा आणि माशाचा काय संबंध? पण सरकारला हक्क स्थायिक शेतकऱ्याला द्यायचा होता आणि स्थायिक कोण हे मोजायला गवत बरं पडत होतं. फिनलंडच्या बाजूला हक्क जमिनीच्या मालकीसोबत जातो. त्यामुळे घर-जमिनीच्या वाटण्या झाल्या, माणसं दक्षिणेला शहरांत गेली, तरी मासेमारीचा वाटा त्यांच्या नावावर राहिला. कोकणातल्या सातबाऱ्यावर मुंबईकर काकांची नावं असतात ना, तसंच.

शिवाय पर्यटक. एकोणिसाव्या शतकात इंग्रज शौकीन गळ घेऊन इथे यायला लागले. अलीकडच्या दशकांत फिनलंडच्या तीरावर उन्हाळ्यात हजारो हौशी मासेमार परवाना घेऊन यायचे. होडी भाड्याने, खोली भाड्याने, वल्हवायला माणूस. गावाची वर्षाची कमाई त्या दोन-अडीच महिन्यांवर चाले. दोन्ही देशांनी नदीसाठी मिळून नियम करायला १८७३ सालीच सुरुवात केली होती. आणि चांगल्या वर्षांत दोन्ही तीर मिळून दोनशे टनांच्या वर मासा निघायचा. तेवढा निघत होता तोवर कोणाचा वाटा किती, यावर भांडण पेटत नव्हतं.

कल्याणच्या आधीची गर्दी

आता या सगळ्या प्रकरणातली खरी किल्ली. देआत्नूत सॅमनची एक जमात नाही, तीसच्या आसपास आहेत. जवळजवळ प्रत्येक उपनदीची आपली वेगळी, जनुकांनीही निराळी. कुठली लहान माशांची, कुठली थोरांची. मासे जन्माच्या उपनदीतच परतत असल्याने हजारो वर्षांत हे घडलं. उत्स्योकी या उपनदीचा मासा कारासयोकला जात नाही.

पण समुद्रातून येताना हे सगळे मुख्य नदीतून एकत्रच चढतात. डोळ्यांना ते सारखेच दिसतात.

संध्याकाळी सीएसएमटीहून सुटलेली गर्दी ठाण्याच्या फलाटावर कशी असते ते आठवा. यात कर्जतचे आहेत, कसाऱ्याचे आहेत, टिटवाळ्याचे शेकडो आहेत आणि खर्डीचे चार-पाच. कल्याणला फाटे फुटेपर्यंत कोण कुठला, काही कळत नाही. आता कोणी ठाण्यालाच दर दोन माणसांतला एक उतरवून घेतला, तर टिटवाळ्याला फारसं जाणवणार नाही. खर्डीच्या फलाटावर मात्र रात्री दोन माणसं उतरतील. काही वर्षांनी एकही नाही. आणि ठाण्याला मोजणारा म्हणत राहील की गर्दी तर नेहमीसारखीच आहे.

मासेमारीचं शास्त्र ज्याला मिश्र साठ्याची मासेमारी म्हणतं, ती हीच. देआत्नूच्या खालच्या भागात, आणि त्याही आधी समुद्रात फ्योर्डच्या तोंडाशी, जाळ्यात सापडणारा मासा सगळ्या उपनद्यांचा सरमिसळ असतो. एकूण टनांचा आकडा बरा दिसत असताना वरच्या उपनद्यांच्या, विशेषतः मोठे मासे देणाऱ्या कारासयोक-येशयोक भागातल्या, जमाती झिजत होत्या. म्हणून शास्त्रज्ञ टनांत मोजत नाहीत. प्रत्येक उपनदीत पुरती पिल्लं होण्यासाठी शरदात किती अंडी पडायला हवीत याचं लक्ष्य ठरवतात, आणि तेवढ्या माद्या तिथवर पोहोचल्या का ते पाहतात. अनेक उपनद्यांत उत्तर ‘नाही’ असं येत गेलं.

हे कळतं कसं? उत्स्योकीच्या पुलाखाली २००२पासून पाण्यात कॅमेरे आहेत. पोल्माकजवळ मुख्य नदीत ध्वनिलहरींनी मासे मोजतात, गरोदर बाईची सोनोग्राफी करतात त्याच तत्त्वावर. गढूळ पाण्यातून लांबट सावल्या जातात आणि बसून त्या मोजायच्या. पण या नदीचा खरा खजिना आहे खवल्यांचा.

सॅमनच्या अंगावरचा एक खवला काढून सूक्ष्मदर्शकाखाली धरला की त्यावर झाडाच्या खोडासारखी वलयं दिसतात. मधली दाट, एकमेकांना चिकटलेली वलयं नदीतल्या वर्षांची. तिथे वाढ सावकाश, म्हणून रेषा जवळजवळ. एका ठिकाणी अंतर एकदम मोकळं होतं, तिथे मासा समुद्रात शिरला आणि पोटभर खाऊ लागला. मग पुन्हा दाट पट्टा, समुद्रातला पहिला हिवाळा. कुठे कडा झिजून फाटल्यासारखी दिसली तर तो मासा आधी एकदा नदीत येऊन, अंडी घालून, उपाशीपोटी जिवंत परत गेलेला. अटलांटिक सॅमनला हे जमतं, दरवेळी मरावं लागत नाही. काठावरचे मासेमार १९७०च्या दशकापासून पकडलेल्या माशाचे दोन-चार खवले पाकिटात घालून, वजन-लांबी लिहून संशोधकांना देत आले. त्या पाकिटांतून दिसलं की नदीत किती वर्षं, समुद्रात किती आणि पुन्हा आला का, याच्या शंभराहून अधिक जुळण्या या एका नदीत आहेत. जगात फार थोड्या नद्यांकडे एवढी जुनी नोंदवही असेल.

पुढे याच खवल्यांतून डीएनए काढला गेला. मासा समुद्रात किती वर्षं राहील, म्हणजे लहान परतेल की मोठा, हे ठरवण्यात एका जनुकाचा मोठा हात आहे असं २०१५ साली अनेक नद्यांच्या अभ्यासातून समोर आलं. देआत्नूच्या चाळीस वर्षांच्या खवल्यांवरून हेही दिसलं की बॅरेंट्स समुद्रात कॅपेलिन नावाच्या बारक्या माशाची मासेमारी वाढते तेव्हा लवकर, लहानपणीच परतणाऱ्या सॅमनचं प्रमाण वाढतं. कॅपेलिन हे मोठ्या सॅमनचं समुद्रातलं जेवण. तेच कोणी उपसून नेलं तर जास्त वर्षं समुद्रात थांबण्यात फायदा राहत नाही. म्हणजे नदीतल्या माशाचा आकार दूरच्या समुद्रात, भलत्याच माशाच्या जाळ्यात ठरतोय.

बंदी आणि बंड

२०१७ साली दोन्ही देशांनी नवा करार लागू केला. मासेमारी तिसऱ्या हिश्शाने कमी करायची हे उद्दिष्ट. पर्यटकांच्या परवान्यांवर मर्यादा आली, तसा जाळ्यांचा हंगामही आखूड झाला. सामी प्रतिनिधींचं म्हणणं होतं की आम्हाला नीट विचारलंच नाही. कुंपण, वाहतं जाळं या आमच्या पद्धती सगळ्यात जास्त कापल्या, आणि बाहेर राहणाऱ्या जमीनमालकांना मात्र हक्क मिळाले. त्या उन्हाळ्यात काही सामी लोकांनी नदीतल्या एका बेटावर तंबू ठोकला आणि इथे हा करार लागू नाही असं जाहीर केलं. ‘एल्लोस देआत्नू’, म्हणजे देआत्नू चिरायू होवो, हे त्यांचं नाव. सरकारी परवाना चालणार नाही, मासे पकडायचे असतील तर त्या भागातल्या कुटुंबाला विचारा, असा त्यांचा पाहुण्यांना निरोप.

पुढची गोष्ट उपनद्यांतली. काही सामींनी फिनलंडच्या बाजूला उत्स्योकी आणि वेत्सी या आपल्या घरच्या नद्यांत नियम मोडून मासे पकडले, स्वतःवर गुन्हा नोंदवून घेतला आणि कोर्टात गेले. एप्रिल २०२२मध्ये फिनलंडच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केलं. सामी संस्कृती राज्यघटनेने जपली आहे, मासेमारी तिचा भाग आहे आणि त्या प्रकरणांत लावलेले निर्बंध त्या हक्कावर घाला घालतात, असा निकालाचा गाभा.

यात एका बाजूला खलनायक बसवणं सोपं आहे, पण मला ते पटत नाही. मासा खरोखरच कमी झाला आहे आणि हे सामी मासेमारही नाकारत नाहीत. कमी कशामुळे झाला आणि किंमत कोणी मोजायची, वाद त्याचा आहे. ज्याने फार तर घरापुरते मासे काढले त्याने, की शंभर वर्षं परवाने विकणाऱ्याने, की समुद्रात आधीच वाटा उचलणाऱ्याने?

कारण २०२१पर्यंत चित्र आणखी बिघडलं होतं. नदीतली मासेमारी कमी करूनही मासे येईनात, कारण समुद्रात गेलेली पिल्लं परतत नव्हती. हे एकट्या देआत्नूचं दुखणं नाही. १९८०च्या दशकात नॉर्वेच्या किनाऱ्यावर दरवर्षी दहा लाखांच्या वर जंगली सॅमन परतत. आता त्याच्या निम्मेही नाहीत. २०२१ साली नॉर्वेने या माशाला आपल्या लाल यादीत, म्हणजे धोक्याकडे झुकलेल्या जातींच्या यादीत, घातलं. जून २०२४मध्ये तर नॉर्वेने ऐन हंगामात तेहतीस नद्या बंद केल्या. समुद्र तापतोय, खाद्य हलतंय. दक्षिणेकडे पिंजऱ्यांतल्या माशांवरच्या उवा आणि पिंजरे फोडून सुटलेले मासे यांनी आणखी घोळ केला आहे. तानाच्या फ्योर्डमध्ये पिंजरे लावायला मनाई आहे, एवढं तरी देआत्नूच्या वाट्याला बरं आलं.

भरीला गुलाबी सॅमन. हा मूळ पॅसिफिकचा. १९५०च्या दशकापासून सोव्हिएत शास्त्रज्ञांनी त्याची अंडी आणून कोला आणि श्वेतसमुद्राकडे सोडली, खायला मासा वाढावा म्हणून. त्याचं आयुष्य बरोबर दोन वर्षांचं, त्यामुळे तो विषम वर्षांत लोटतो. २०१७ला लोंढा आला, २०१९ला, २०२१ला त्याहून मोठा, आणि २०२३ला नॉर्वेत साडेतीन लाखांच्या वर पकडले गेले. नदीत शिरला की नराच्या पाठीवर मोठं कुबड येतं. अंडी घालून सगळेच्या सगळे मरतात आणि मग काठाला कुजक्या माशांचा खच. देआत्नूवर त्यांना अडवायला नदीभर जाळीचं कुंपण उभारायचा प्रयत्न २०२३ साली झाला, पण एवढ्या रुंद, जोरकस नदीने त्याला फारसं जुमानलं नाही. काठावरच्या माणसाची अवस्था बघा. आपला मासा पकडायचा नाही, आणि परका मासा पकडून संपत नाही.

आपल्याकडे पावसाळी बंदी १ जूनला लागते आणि दोन महिन्यांनी नारळी पौर्णिमेच्या आगेमागे होड्या पुन्हा पाण्यात जातात. बंदी म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर ते दोन महिने येतात. देआत्नूवर उन्हाळ्यामागून उन्हाळे तसेच गेले. कुंपणाचे खुंट कुठे रोवायचे, कुठल्या दगडामागे मासा विसावतो, हे पुस्तकात नसतं, होडीत बसून कळतं. सामी भाषेत सॅमनला ‘लुओस्सा’ म्हणतात, पण तेवढ्याने भागत नाही. एक हिवाळा समुद्रात काढून आलेला लहानगा तो ‘दिद्दी’. अंडी घालायला आलेली मोठी मादी ‘दुओव्वी’, आणि शरदात जबडा आकड्यासारखा वळलेला, तांबूस झालेला नर तो ‘गोआद्यिन’. मासा हातातच आला नाही तर हे शब्द पोरांना शिकवायचे कशावर, असा तिथल्या आईबापांपुढचा प्रश्न आहे.

आणि बंदीचा गुण आला की नाही, हे कधी कळणार? हिशेब करून बघू. मासेमारीविना गेलेला पहिला हंगाम २०२१चा. त्या ऑक्टोबरात जी जास्तीची अंडी पडली ती २०२२च्या वसंतात फुटली. पिल्लं चार-पाच वर्षं नदीत राहणार, म्हणजे समुद्रात जाणार ती २०२६-२७ला. त्यातले दिद्दी परततील २०२७-२८ला. तीन हिवाळे समुद्रात काढणाऱ्या थोराड माद्या, ज्यांच्या पोटात खरी गाभोळी असते, त्या पोल्माकच्या ध्वनियंत्रासमोरून जातील २०२९ किंवा २०३०च्या उन्हाळ्यात. बंदी लागली त्या वर्षी उत्स्योकीत जन्मलेलं पोर तेव्हा आठ-नऊ वर्षांचं असेल, म्हणजे वल्ही धरायच्या वयाचं.